कारागीर आणि भांडवल : दादासाहेब फाळके यांची कारकीर्द

आपल्या नाशिक जिल्ह्यात, त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या धुंडिराज गोविंद फाळके यांना सारा देश भारतीय चित्रपटसृष्टीचे जनक म्हणून ओळखतो. चित्रपटक्षेत्रातला सर्वोच्च सरकारी पुरस्कार १९६९ पासून त्यांच्या नावाने दिला जातो. १९७१ साली त्यांचे टपालतिकीट निघाले. नाशकास पांडवलेण्यांच्या पायथ्याशी त्यांचे स्मारकही उभे राहिले. हा मान त्यांना मिळाला हे योग्यच झाले. परंतु माणसाचा एकदा पुतळा झाला की त्याच्या हातांवरचे घट्टे दिसेनासे होतात आणि त्याच्या पोटापाण्याचा इतिहास मागे पडतो.

आम्ही कामगार चळवळीत वाढलेली माणसे. आमची शाळा लवकर सुटली. वाचन जे काही झाले ते युनियनच्या कचेरीत, रात्रपाळी सुटण्याची वाट पाहता पाहता झाले. त्यामुळे कोणाही थोर पुरुषाचे चरित्र हाती घेतले की आमच्या मनात ठरलेले तीन प्रश्न उभे राहतात. काम कोणी केले? हत्यार कोणाच्या मालकीचे होते? आणि मिळकत कोणाच्या पदरात पडली? हेच तीन प्रश्न आज आम्ही फाळक्यांच्या कारकिर्दीस विचारणार आहोत. या व्याख्यानमालेच्या श्रोत्यांत शेतकरी आहेत, बाजारपेठेतली व्यापारी मंडळी आहेत, आणि सातपूर-अंबडच्या कारखान्यांत मुले पाठवलेले आईबापही आहेत. त्या सर्वांना हे प्रश्न परके वाटणार नाहीत.

फाळक्यांचा जन्म ३० एप्रिल १८७० चा. वडील दाजीशास्त्री हे संस्कृतचे पंडित. घरात पोथ्या, पूजा आणि पुराणे यांचे वातावरण. मुलाने शास्त्री व्हावे अशीच परिस्थिती होती. पण मुलाचे हात स्वस्थ बसणारे नव्हते. १८८५ साली तो मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत दाखल झाला, आणि पुढे बडोद्याच्या कलाभवनात गेला. तेथे चित्रकला, मूर्तिकाम, वास्तुरेखन हे विषय तर तो शिकलाच, शिवाय छायाचित्रण आणि छपाईचे ठसे तयार करण्याचे तंत्रही त्याने आत्मसात केले. रतलामला जाऊन तीन रंगांच्या ठशांचे काम त्याने पाहिले. गोध्र्यास फोटोग्राफीचा धंदा मांडला. पण प्लेगच्या साथीत पहिली पत्नी गेली आणि तो धंदा मोडला. १९०२ मध्ये दुसरा विवाह झाला. या दुसऱ्या पत्नी म्हणजे सरस्वतीबाई. त्यांचे नाव श्रोत्यांनी लक्षात ठेवावे, कारण पुढच्या हकीगतीत ते पुन्हा पुन्हा येणार आहे.

शास्त्र्याच्या घरातल्या या मुलाने बोटांना रंग, शाई आणि रसायने लावून घेतली. त्या काळी ही साधी गोष्ट नव्हती. पांढरपेशा माणसाने लेखणी धरावी आणि कारागिराने हत्यार धरावे अशी आपल्या समाजाची वाटणी होती. फाळक्यांनी ती वाटणी स्वतःच्या आयुष्यापुरती तरी मोडली. चित्रपट हा धंदा त्यांना जमला याचे पहिले कारण आम्हांला हेच दिसते. चित्रपटात कथा लागते, चित्रकला लागते, सुतारकाम लागते, रसायन लागते, यंत्र लागते. पोथीपासून रसायनापर्यंत ही सगळी विद्या त्या एका माणसाच्या ठायी एकवटली होती.

१९०३ साली त्यांना सरकारी पुराणवस्तू खात्यात छायाचित्रकार व आरेखक म्हणून नोकरी मिळाली. वंगभंगानंतर स्वदेशीचे वारे वाहू लागले तेव्हा त्यांनी ती सोडली, आणि लोणावळ्यास ठसे व छपाईचा छोटा कारखाना काढला. पुढे तो मुंबईस दादरला आला आणि ‘लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग वर्क्स’ या नावाने चालू लागला. १९०९ मध्ये नवी यंत्रे आणण्यासाठी फाळके जर्मनीस जाऊन आले. छपाई उत्तम होती आणि नावही झाले. परंतु यंत्रांत पैसा भागीदाराचा होता. कामाच्या पद्धतीवरून आणि व्यवहारावरून मतभेद झाले, आणि १९११ साली फाळके आपल्याच हातांनी उभारलेल्या छापखान्यातून बाहेर पडले. यंत्रे आत राहिली, कारागीर बाहेर आला.

श्रोतेहो, हा पहिला प्रसंग ध्यानात ठेवावा. असेच दुसऱ्यांदा घडणार आहे, आणि पहिल्यापेक्षा मोठ्या प्रमाणावर.

छापखाना सुटला तेव्हा फाळके चाळिशी ओलांडलेले, संसारी आणि बेकार होते. त्याच सुमारास मुंबईत एका तंबूवजा नाट्यगृहात त्यांनी येशू ख्रिस्ताच्या जीवनावरील मूकपट पाहिला. पडद्यावर ख्रिस्त चालत होता, आणि त्यांच्या मनश्चक्षूंपुढे राम आणि कृष्ण चालू लागले. आपल्या देवांची, आपल्या लोकांची चित्रे पडद्यावर का येऊ नयेत, हा ध्यास त्यांनी घेतला. ही आठवण त्यांनी स्वतःच पुढे १९१७ मध्ये ‘नवयुग’ मासिकात लिहून ठेवली.

येथे ‘पहिला’ या शब्दाविषयी थोडे सांगणे जरूर आहे. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्युमिएर बंधूंची चलच्चित्रे दाखवली गेली होती. त्यानंतर सावेदादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये कुस्तीचे चित्रण केले. दादासाहेब तोरणे यांचा ‘पुंडलिक’ १८ मे १९१२ रोजी मुंबईच्या पडद्यावर आला. तो रंगमंचावरील नाटकाचे चित्रण होता, आणि त्याचे रासायनिक काम विलायतेत झाले. या मंडळींचे श्रेय त्यांना दिलेच पाहिजे. फाळक्यांचे वेगळेपण असे की त्यांनी सुरुवातीपासून शेवटपर्यंतचे सारे काम येथेच, देशी माणसांच्या हातून करून घेण्याची जिद्द धरली. फक्त यंत्र आणि कोरी फिल्म बाहेरून यायची. तेवढी सोडली तर बाकी सर्व स्वदेशी.

ती विद्या शिकण्यासाठी विलायतेस जाणे भाग होते. आयुर्विम्याच्या पॉलिसी गहाण ठेवून त्यांनी कर्ज काढले आणि १ फेब्रुवारी १९१२ रोजी लंडनची वाट धरली. ओळखदेख कोणाची नव्हती. ‘बायोस्कोप’ नावाच्या साप्ताहिकाच्या कचेरीत ते सरळ जाऊन उभे राहिले. संपादकांनी प्रथम त्यांना या भानगडीत पडू नका असाच सल्ला दिला. परंतु माणसाची चिकाटी पाहून त्यांनी त्यांची गाठ सेसिल हेपवर्थ यांच्याशी घालून दिली.

हे हेपवर्थ कोण, हे सांगितले पाहिजे, कारण त्यांची कारकीर्द आपल्याला पुढे आरशासारखी उपयोगी पडणार आहे. १८७४ साली जन्मलेले हेपवर्थ हे ब्रिटिश चित्रपटाच्या आद्य दिग्दर्शकांपैकी एक. लंडनजवळ टेम्सकाठी वॉल्टन येथे त्यांचा स्टुडिओ होता. १९०५ मध्ये त्यांनी एक छोटे चित्र काढले. भिकारणीने पळवलेल्या तान्ह्या मुलीला घरचा कुत्रा शोधून आणतो, एवढीच त्याची कथा. कथा हेपवर्थबाईंची, मूल त्यांचेच आणि कुत्राही त्यांचाच. त्या चित्राला इतकी मागणी आली की प्रती काढता काढता मूळ निगेटिव्ह झिजली आणि सबंध चित्र पुन्हा चित्रित करावे लागले. असा हा घरच्या माणसांना घेऊन काम करणारा कारागीर हिंदुस्थानातून आलेल्या दुसऱ्या कारागिरास भेटला. त्याने आपला स्टुडिओ मोकळ्या मनाने दाखवला. धंद्यातले गुपित म्हणून काही झाकून ठेवले नाही. हुन्नर जाणणारी दोन माणसे एकत्र आली की भाषा आणि राज्य आड येत नाही, हे आम्हीही कारखान्यांतून पुष्कळदा पाहिले आहे.

विल्यमसन कंपनीचा कॅमेरा, फिल्मला भोके पाडण्याचे यंत्र आणि छपाईची सामग्री यांची मागणी नोंदवून फाळके १ एप्रिल १९१२ रोजी परत आले. सामग्री पोहोचताच त्यांनी प्रथम एका कुंडीत वाटाण्याचे बी पेरले. त्याला कोंब फुटून वेल वर चढेपर्यंत ते रोज थोडे थोडे चित्रण करीत राहिले, आणि महिनाभराची वाढ मिनिटभरात पडद्यावर दाखवली. ते चित्र पाहून सावकाराने कर्ज दिले. पण पुरेल इतके नव्हे. मग सरस्वतीबाईंनी अंगावरचे दागिने काढून दिले.

दागिन्यांची गोष्ट सर्वांना ठाऊक असते, कारण त्यागाच्या गोष्टी सांगायला बऱ्या वाटतात. सरस्वतीबाईंच्या कामाची गोष्ट मात्र कमी सांगितली जाते. त्या काळी विलायतेहून येणारी फिल्म कोरी, म्हणजे बिनभोकांची असे. कॅमेऱ्याच्या दातांत ती अडकावी म्हणून दोन्ही कडांना नेमक्या अंतरावर भोके पाडावी लागत, आणि तीही अंधाऱ्या खोलीत, कारण उजेड लागला की फिल्म वाया गेली. हे काम सरस्वतीबाई करीत. ‘राजा हरिश्चंद्र’ ३,७०० फूट लांबीचा झाला. एका फुटात १६ चित्रे आणि प्रत्येक चित्राच्या दोन्ही बाजूंना चार चार भोके. श्रोत्यांनी हिशेब करून पाहावा : वाया गेलेली फिल्म आणि प्रती सोडून दिल्या तरी चार लाख सत्तर हजारांवर भोके होतात. यंत्राच्या एका दाबाला कितीही पडोत, तितक्या वेळा अंदाजाने, काळोखात, बोटांनी फिल्म पुढे सरकवणे आलेच. याशिवाय रसायने मिसळणे, फिल्म धुणे आणि चित्रण चालू असता उन्हाची तिरीप नटांच्या चेहऱ्यावर पडावी म्हणून पांढरे कापड ताणून उभे राहणे हेही त्या करीत. आणि हे सारे साठसत्तर माणसांचा स्वयंपाक आटोपून. कामगारांच्या नोंदवहीत या बाईंच्या नावापुढे काय लिहावे लागले असते? प्रयोगशाळा सहायक, यंत्रचालक, प्रकाशयोजनेची मदतनीस आणि आचारी. पगाराच्या रकान्यात मात्र काहीच नाही.

‘राजा हरिश्चंद्रा’चे काम दादरला सुरू झाले. हरिश्चंद्राची भूमिका दत्तात्रय दामोदर दाबके यांनी केली, रोहिदास झाला फाळक्यांचाच मुलगा भालचंद्र. तारामतीसाठी बाई मिळेना. जाहिराती दिल्या, वेश्यावस्तीतही विचारून पाहिले. कोणी तयार होईना. अखेर ग्रँट रोडवरच्या एका खाणावळीत काम करणारे अण्णा साळुंके हे तारामती झाले. खाणावळीत त्यांना महिना दहा रुपये मिळत, फाळक्यांनी पंधरा देऊ केले. भारतीय पडद्यावरच्या पहिल्या राणीने लुगडे नेसले ते महिना पाच रुपयांच्या बढतीवर! या साळुंक्यांनी पुढे ‘लंकादहना’त राम आणि सीता अशा दोन्ही भूमिका केल्या आणि नंतर कॅमेराही चालवला. आचाऱ्याच्या हाताला कॅमेरा शोभेल, एवढे शिक्षण फाळक्यांच्या कारखान्यात मिळत होते.

‘कारखाना’ हा शब्द आम्ही मुद्दाम वापरतो. सिनेमात काम करतो असे सांगितले तर घरी-दारी छी-थू होई, म्हणून फाळके आपल्या माणसांना सांगत की आपण हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहोत असे सांगा. लोक याला विनोद समजतात. आमच्या मते ते अक्षरशः खरे होते. ठरलेल्या वेळी उठणे, तालीम, चित्रण, धुलाई, छपाई, जोडणी अशी कामांची वाटणी तेथे होती. जवळच्या वांगणी गावी चित्रण करताना ढाल-तलवारी घेतलेली ही मंडळी पाहून गावकऱ्यांना दरोडेखोरांची टोळी आल्यासारखे वाटले आणि सर्वांना फौजदारापुढे उभे राहावे लागले, अशीही एक हकीगत आहे. सहा महिने सत्तावीस दिवसांच्या मेहनतीनंतर चित्र पुरे झाले, आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात ते लोकांसमोर आले. लोकांनी ते उचलून धरले.

त्याच वर्षी फाळक्यांनी आपला संसार आणि कारखाना नाशकास हलवला. गोदावरीचा घाट, देवळे, लेणी, डोंगर आणि भरपूर ऊन ही त्यांची फुकट मिळालेली रंगभूमी होती. विजेच्या दिव्यांवर चित्रण करण्याची सोय नव्हती; सूर्य हाच त्यांचा दिवा होता. येथे ‘मोहिनी भस्मासुर’ झाला. त्यात दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची कन्या कमलाबाई मोहिनी झाल्या. स्त्रियांनी पडद्यावर येण्याची ही सुरुवात. १९१४ मध्ये ‘सत्यवान सावित्री’ आला. ही तीन चित्रे घेऊन फाळके पुन्हा लंडनला गेले. तेथल्या धंदेवाईक मंडळींनी त्यांच्या तंत्राची वाखाणणी केली, आणि इकडेच राहून हिंदी विषयांवरची चित्रे काढा, असा आग्रह धरला. फाळक्यांनी नकार दिला. मी येथे राहिलो तर माझ्या देशात हा धंदा उभा राहणार नाही, अशी त्यांची भूमिका होती. इतक्यात पहिले महायुद्ध पेटले, भांडवलदारांनी हात आखडता घेतला, आणि परत आलेल्या फाळक्यांपुढे पैशाचा प्रश्न पुन्हा आ वासून उभा राहिला.

१९१७ मध्ये ‘लंकादहन’ आला आणि त्याने कमाल केली. पडद्यावर राम आला की प्रेक्षक हात जोडीत. सप्तशृंगीच्या चैत्री यात्रेस पायी जाणारा भाविक वणीकरांच्या रोजच्या परिचयाचा आहे. त्याच्या श्रद्धेत कसे बळ असते हे आपण पाहतोच. फाळक्यांनी त्या भाविकाला प्रेक्षक केले. लिहिता-वाचता न येणाऱ्या माणसाला जी कथा तोंडपाठ होती तीच त्याला दाखवली. त्याच साली त्यांनी ‘चित्रपट कसे तयार करतात’ हेही एक छोटे चित्र काढले. त्यात ते स्वतः नटांना शिकवताना, फिल्म जोडताना दिसतात. आपले हुन्नर लपवून न ठेवता पडद्यावर मांडणारा हा कारागीर होता. हेपवर्थने त्यांना जसे मोकळेपणाने दाखवले तसेच त्यांनी साऱ्यांना दाखवले.

पैसा दिसू लागला तसे भांडवलवाले पुढे आले. १ जानेवारी १९१८ रोजी ‘हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी’ स्थापन झाली. वामनराव आपटे व आणखी काही भागीदार यांनी पैसा घातला. फाळके हे काम करणारे भागीदार. कारखाना नाशकासच राहिला. ‘श्रीकृष्णजन्म’ आणि १९१९ चा ‘कालियामर्दन’ ही चित्रे अपूर्व चालली. दोन्हींत बाळकृष्ण झाली होती फाळक्यांची लहान मुलगी मंदाकिनी. यमुनेच्या डोहात कालियाशी झुंजणारा तो कृष्ण आजही पाहिला तर एवढ्या मुलीकडून हे काम कसे करून घेतले असेल असे वाटते.

परंतु वर्ष-दीड वर्षातच कुरबूर सुरू झाली. भागीदारांना खर्चाचा हिशेब, चित्र पुरे होण्याची मुदत आणि नफ्याचा अंदाज हवा होता. फाळक्यांना मनाजोगे चित्र उतरेपर्यंत थांबण्याची मुभा हवी होती. येथे आम्ही एकतर्फी निकाल देणार नाही. ज्याने पैसा घातला त्याला हिशेब मागण्याचा हक्क आहे. आमच्या युनियनचेही पैसे कोणी खर्च केले तर आम्ही पावत्या मागतोच. फाळके हट्टी होते, हात सैल होता, आणि आपल्या कारखान्यात त्यांचाच शब्द शेवटचा असे. तो कारखाना मोठ्या एकत्र कुटुंबासारखा होता. त्यात माया होती, पण घरच्या कर्त्यापुढे कोणाचे काही चालत नसे. तेथे कामगारांची संघटना नव्हती, आणि असती तर तिचे पहिले भांडण कदाचित खुद्द दादासाहेबांशीच झाले असते!

हे सर्व मान्य करूनही मूळ मुद्दा शिल्लक राहतोच. कंपनीत पैशाचे वजन कागदावर मांडलेले होते, हुन्नराचे वजन कोठेच मांडलेले नव्हते. ज्याच्यावाचून तेथे एक फूट फिल्मही तयार झाली नसती त्याच्या मताला भागीदारांच्या बैठकीत एका मताची किंमत होती. फाळक्यांनी पुन्हा तेच केले जे १९११ साली केले होते : ते बाहेर पडले. कारखाना, कॅमेरे, शिकवून तयार केलेली माणसे, सर्व मागे राहिले, आणि कंपनी त्यांच्यावाचून चित्रे काढू लागली. फाळके सहकुटुंब काशीस गेले. तेथे त्यांनी ‘रंगभूमी’ नावाचे नाटक लिहिले. त्यावर त्यांनी पैसा लावला, १९२२ साली ते रंगमंचावर आणले. पण ते चालले नाही.

इकडे कंपनीचीही घडी नीट बसेना. वामनराव आपट्यांनी त्यांना परत बोलावले, आणि १९२२ मध्ये फाळके नाशकास त्याच कारखान्यात परतले. पण कसे परतले हे पाहावे. गेले तेव्हा भागीदार होते. आले ते दरमहा हजार रुपयांचे नोकर म्हणून. हजार रुपये त्या काळी थोडे नव्हेत. कित्येक वरिष्ठ अधिकाऱ्यांना तेवढे मिळत नसत. पण पगार कितीही असला तरी तो आज आहे आणि उद्या नाही. चित्रे यशस्वी होत राहिली, परंतु त्यांचे हक्क, त्यांच्या प्रती, त्यांचे नाव कंपनीचे होते. कारखान्याचा जनक कारखान्याचा पगारदार झाला होता.

यापुढचा भाग आम्ही थोडक्यात सांगतो. ‘सेतुबंधन’ हे त्यांचे मोठे स्वप्न. त्यासाठी दूरदूर जाऊन चित्रण केले, पैसा संपला, काम थांबले, पुन्हा सुरू झाले. ते पुरे होईतो काळच पालटला. १४ मार्च १९३१ रोजी ‘आलम आरा’ आला, आणि पडदा बोलू लागला. मुका ‘सेतुबंधन’ मागाहून आवाज जोडून दाखवावा लागला. मूकपटावर उभी राहिलेली हिंदुस्थान कंपनीही पुढे टिकली नाही. कोल्हापूरच्या छत्रपती राजाराममहाराजांच्या कोल्हापूर सिनेटोनने साठी ओलांडलेल्या फाळक्यांना ‘गंगावतरण’ हा बोलपट दिला. तो १९३७ साली मुंबईस प्रदर्शित झाला. गोदावरीच्या उगमाशी जन्मलेल्या माणसाने अखेरचे चित्र काढले ते गंगेच्या अवतरणाचे. तोच त्यांचा एकमेव बोलपट. त्यानंतर ते नाशकास येऊन राहिले.

आता हेपवर्थकडे वळू. हिंदुस्थान पारतंत्र्यात होता, आपल्याकडे धंद्याची शिस्त नव्हती, म्हणून फाळक्यांचे असे झाले, असे कोणी म्हणेल. मग राज्यकर्त्यांच्या देशात, लंडनच्या वेशीवर बसलेल्या हेपवर्थचे काय झाले? पहिल्या महायुद्धानंतर त्यांनी मोठा स्टुडिओ बांधण्यासाठी शेअर विक्रीस काढले. पुरेसे भांडवल जमले नाही. १९२४ मध्ये कंपनी दिवाळ्यात निघाली आणि तिचा ताबा सरकारी रिसीव्हरकडे गेला. कर्जाच्या वसुलीत त्यांच्या आयुष्यभराच्या चित्रांच्या निगेटिव्ह भंगाराच्या भावाने गेल्या आणि वितळवल्या गेल्या. फिल्मवर चांदीचा थर असतो ना, त्या चांदीला भाव होता. तिच्यावर उमटलेल्या चित्राला नव्हता. त्यानंतर ब्रिटिश चित्रपटाचा हा आद्य दिग्दर्शक इतरांच्या चित्रांची जाहिरात करणारे तुकडे तयार करून पोट भरीत राहिला, आणि १९५३ साली वारला. १९१२ मध्ये वॉल्टनच्या स्टुडिओत भेटलेल्या त्या दोघा कारागिरांची गोष्ट, साता समुद्रांचे अंतर ठेवून, एकाच ठिकाणी येऊन पोहोचली. तेव्हा हा दोष केवळ नाशिकच्या मातीचा किंवा फाळक्यांच्या स्वभावाचा नव्हता.

मग याला उपाय नव्हता काय? उपाय आपल्याच महाराष्ट्रात एका मंडळीने करून पाहिला. कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत काम करणारे दामले, फत्तेलाल, धायबर आणि शांताराम हे चौघे १९२९ साली बाहेर पडले. फाळक्यांप्रमाणे एकटे नव्हे, चौघे मिळून. कोणी सुतारकाम व यंत्रे जाणणारा, कोणी चित्रकार, कोणी कॅमेरा चालवणारा, कोणी दिग्दर्शक. सीताराम कुलकर्णी यांनी पैसा घातला, पण काम करणारे चौघेही बरोबरीचे मालक होते. ती ‘प्रभात’. १९३२ मध्ये त्यांनी काढलेला पहिला मराठी बोलपट ‘अयोध्येचा राजा’ हा हरिश्चंद्राचाच होता, ही मोठी मौजेची गोष्ट. प्रभातमध्येही पुढे मतभेद झाले आणि तीही अखेर बंद पडली. तथापि जी दहा-बारा वर्षे हुन्नर आणि मालकी एका छपराखाली नांदली तेवढ्यात ‘संत तुकाराम’, ‘कुंकू’, ‘शेजारी’ असे चित्रपट झाले. आमच्या मते हा योगायोग नाही.

फाळक्यांची अखेरची वर्षे ओढगस्तीत गेली. १९३९ साली मुंबईत चित्रपटव्यवसायाचा रौप्यमहोत्सव साजरा झाला. धंद्यात तोवर लाखोंची उलाढाल होत होती. शांतारामबापूंनी पुढाकार घेतला म्हणून दादासाहेबांना पाच हजारांची थैली मिळाली आणि नाशकात राहते घर झाले. ही कृतज्ञता होती, हक्क नव्हता. कृतज्ञता देणाऱ्याच्या मनावर अवलंबून असते. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशकासच त्यांचे निधन झाले. एकोणीस वर्षांत शंभरावर लहानमोठी चित्रे काढणाऱ्या या माणसाच्या कामातले आज फार थोडे शिल्लक आहे : ‘राजा हरिश्चंद्रा’ची काही रिळे, ‘कालियामर्दना’चा बराचसा भाग आणि इतर काही तुकडे. पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने, विशेषतः पी. के. नायर यांनी, ते जिवापाड जपले. फिल्मवर मालकी असणाऱ्यांनी तिला माल समजून वापरले आणि माल जुना झाल्यावर टाकून दिले. जपली ती ज्यांना तीतून एक पैसा मिळणार नव्हता अशांनी.

आमच्या परिचयाचे एक टूलरूममधले कारागीर होते. त्यांनी घडवलेल्या डायवर एका कारखान्याने वर्षानुवर्षे माल काढला. ते निवृत्त झाले तेव्हा त्यांना हार-नारळ मिळाला, आणि दुसऱ्या दिवशी फाटकावर त्यांना आत सोडण्यास पहारेकऱ्याने परवानगी मागितली. ही गोष्ट ऐकून कोणी हळहळतो. आम्ही कामगारांना सांगतो की हळहळू नका, कराराचा कागद आधी वाचा.

चित्रपटधंद्यातल्या कामगारांना ही अक्कल हळूहळू आली. पडद्यामागे दिवे उचलणारे, रंगभूषा करणारे, कॅमेरा ओढणारे संघटित झाले. १९८१ साली संसदेने सिनेकामगारांसाठी कायदे केले; लेखी करार आणि कल्याणनिधी यांची तरतूद झाली. कायदे कागदावर पुष्कळ आणि अंमल थोडा हे आम्ही इतर धंद्यांतही भोगतो. तरी जे १९१८ साली नाशकाच्या कारखान्यात कोणाच्या मनातही आले नव्हते, ते आज निदान कागदावर तरी आहे. आणि कागदावर असलेले मागता येते.

आता आरंभीच्या तीन प्रश्नांची उत्तरे देऊ. काम कोणी केले? फाळक्यांनी, सरस्वतीबाईंनी, अण्णा साळुंक्यांनी, आणि ज्यांची नावे पडद्यावर कधी आली नाहीत अशा शेकडो हातांनी. हत्यार कोणाचे होते? सुरुवातीला सावकाराकडे गहाण, नंतर भागीदारांचे. मिळकत कोणाच्या पदरात पडली? ज्याच्या हाती कागद होता त्याच्या. यात फाळक्यांचे थोरपण कमी होत नाही. उलट, इतक्या वेळा हत्यार हातातून गेल्यावरही ज्याने काम सोडले नाही त्याचा आदर आम्हांला अधिक वाटतो. पण त्यांच्या वाटेने जाणाऱ्या आपल्या जिल्ह्यातल्या तरुणांना आम्ही आदरापेक्षा उपयोगी पडेल असे काही देऊ इच्छितो. आज या तरुणांच्या खिशात कॅमेरा आहे. फिल्मला भोके पाडावी लागत नाहीत, सूर्याची वाट पाहावी लागत नाही. फक्त आपण घडवलेल्या वस्तूवर मालकी कोणाची हा प्रश्न तसाच आहे. कॅमेऱ्याचे बटण दाबण्यापूर्वी तो विचारावा, एकट्याने विचारू नये, चौघांनी मिळून विचारावा. आणि जेथे जेथे दादासाहेब फाळक्यांचे नाव घेतले जाईल तेथे सरस्वतीबाईंचेही घ्यावे. त्यांच्या पगाराची थकबाकी देणे आता कोणाच्याच हाती नाही. नाव घेणे मात्र आपल्या हाती आहे.